पाच लाख मिळाले म्हणजे झालं?

कुठं मोठा अपघात झाला की टीव्हीवर खाली पट्टी पळते, मृतांच्या वारसांना पाच लाख. १ जुलै २०२३ ला समृद्धीवर सिंदखेडराजाजवळ बस पेटून २५ माणसं गेली तेव्हाही राज्य सरकारने पाचच लाख जाहीर केले होते. बहुतेकांना वाटतं हीच नुकसानभरपाई. नाही हो, ती मदत, सरकारने दिली तर दिली. आणि रोज हायवेला एखादा बाईकवाला जातो त्याच्यासाठी तर पट्टीपण पळत नाही. खरी भरपाई मागायची ती मोटार अपघात न्यायाधिकरणात, लोक त्याला नुसतं क्लेम टाकणं म्हणतात, आणि पैसे भरते धडक देणाऱ्या गाडीची विमा कंपनी.

हे मला कळलं ते आमच्या चुलतबहिणीच्या केसमुळं. दाजी गवंडीकाम करायचे, वय ३२, कामावरून येताना टेम्पोने उडवलं. मागं ताई, दोन पोरं आणि सासू. दहावं व्हायच्या आत दोन वकिलांची माणसं घरी येऊन गेली, सगळं आम्ही बघतो फक्त इथं सही करा! ताईने कुणालाच सही दिली नाही, बरं केलं.

आता हिशोब बघा, कारण सगळी मेख तिथंच आहे. महिना १५ हजार कमाई धरली तर वर्षाचे १ लाख ८० हजार. स्वतःचा धंदा किंवा रोजंदारी असेल आणि वय चाळिशीच्या आत असेल तर पुढं कमाई वाढली असती म्हणून ४० टक्के वाढवतात (हे सुप्रीम कोर्टाने २०१७ मधे प्रणय सेठी केसमधे पक्कं केलं), झाले २ लाख ५२ हजार. घरात चार जण अवलंबून म्हणून माणसाचा स्वतःचा खर्च एक चतुर्थांश वजा, राहिले १ लाख ८९ हजार. त्याला वयाप्रमाणे आकड्याने गुणायचं, तो तक्ता २००९ च्या सरला वर्मा निकालातला, ३१ ते ३५ ला १६. म्हणजे ३० लाख २४ हजार, शिवाय अंत्यविधी वगैरेचे थोडे, वर व्याज.

पण कमाईचा पुरावाच नाही म्हणून कोर्टाने महिना ८ हजारच धरले तर तोच हिशोब १६ लाखांवर येतो. चौदा लाखांचा फरक, तो पण एका कागदावाचून. गवंड्याला कुठली सॅलरी स्लिप?

शेवटी सापडली ती ठेकेदाराची हजेरीची वही. लाल कापडी पुठ्ठ्याची, कोपऱ्याला सिमेंट लागलेलं, दर शनिवारी किती दिले आणि पुढं दाजींची वाकडीतिकडी सही. ठेकेदार आधी कोर्टात यायलाच तयार नव्हता, त्याला वाटलं आपल्याच मागं टॅक्सवाले लागतील, मग त्याच्या बायकोने त्याला झापलं तेव्हा आला. विमा कंपनीच्या वकिलाने उलटतपासणीत वही खोटी म्हणून बराच कीस पाडला, पण बांधकाम कामगार म्हणून केलेली नोंदणी होती ती उपयोगी पडली. (बाई गेली तर म्हणे ती काय घरीच असायची! घरकामालाही किंमत धरायची हे सुप्रीम कोर्टाने २०२१ मधे परत सांगितलंय.)

अजून दोन गोष्टी. कायद्यात १ एप्रिल २०२२ पासून क्लेमला सहा महिन्यांची मुदत घातलीये, तेराव्यानंतर बघू, वर्षश्राद्धानंतर बघू असं करू नका. एफआयआर, पंचनामा, पीएम रिपोर्टच्या नकला लगेच काढा, आणि क्लेम आपण राहतो तिथल्या न्यायाधिकरणातही टाकता येतो, अपघात झाला त्या जिल्ह्यात खेटे घालायची गरज नाही. गाडी पळून गेली, नंबरच नाही, तर हिट अँड रनचे २ लाख मिळतात, पूर्वी फक्त २५ हजार होते, अर्ज तहसील किंवा प्रांत ऑफिसात.

ताईचा निकाल लागला तेव्हा पोरांचा वाटा कोर्टाने ती अठरा वर्षांची होईपर्यंत एफडीत टाकायला लावला. घरात काही लोक फार चिडले, आपले पैसे असून हात लावता येत नाही म्हणे. मला तर तेच सगळ्यात बरं वाटलं, कारण मोठे दीर तोवर ट्रॅक्टरचं कोटेशन घेऊन आले होते.