वाहाका: आधी मका, मग मोले

वाहाकाला खाण्यासाठी जाणार असाल तर फूड टूर पहिल्याच दिवशी घ्या. बरेच जण आधी शहर बघतात, मोनते आल्बानचे अवशेष बघतात आणि टूर शेवटच्या सकाळी ठेवतात. त्यात फायदा निम्मा होतो. बाजारात काय बघायचं आणि कोणाला काय विचारायचं, हे पहिल्या दिवशी कळलं की पुढचं प्रत्येक जेवण सुधारतं. मी टेक्सासात राहते. माझी आत्या जळगावहून आली होती, तिला घेऊन ऑक्टोबरअखेर गेले. आत्या पूर्ण शाकाहारी, अंडंही खात नाही. मी सगळं खाते. त्यामुळे हा वृत्तांत दोन्ही पंगतींच्या उपयोगाचा आहे.

वाहाका हे मेक्सिकोच्या दक्षिणेकडचं डोंगराळ राज्य आणि त्याच नावाची त्याची राजधानी. झापोतेक, मिश्तेक असे सोळा मूळनिवासी समाज इथे आहेत आणि दरीगणिक स्वयंपाक बदलतो. युनेस्कोने 2010 मध्ये मेक्सिकोच्या पारंपरिक पाककलेला अमूर्त वारशाच्या यादीत घेतलं, तेव्हा अमुक पदार्थ असं म्हणून घेतलं नाही. मका-घेवडा-भोपळा एकत्र लावायची मिल्पा शेती, मका चुन्यात शिजवण्याची रीत, दळायचे दगड, सणांची जेवणं ही सगळी साखळी त्यात आहे. टूर निवडताना हेच लक्षात ठेवा. ‘दहा पदार्थांची चव’ असं लिहिलेली टूर सोडा. गिरणी, बाजार आणि एखाद्या घरची चूल दाखवणारी घ्या. गटात सहा-आठपेक्षा जास्त माणसं नकोत, नाहीतर बाजारातल्या अरुंद वाटांत अर्ध्या लोकांना काही ऐकू येत नाही.

आमची गाईड झापोतेक घरातली तरुण मुलगी होती. पहिल्या तासात तिने आम्हाला काहीही खायला दिलं नाही. ती थेट मोलिनोत घेऊन गेली. मोलिनो म्हणजे ओला मका दळायची गिरणी. बायका बादल्यांतून भिजलेला मका आणत होत्या, दगडी पाट्यांच्या यंत्रातून गरम, मऊ पीठ बाहेर पडत होतं आणि सगळीकडे ओल्या चुन्याचा नि मक्याचा वास भरला होता. त्या भिजलेल्या मक्याला निश्तामाल म्हणतात. किलोभर वाळलेल्या मक्याला साधारण दहा ग्रॅम चुना, पान खायला लागतो तोच, पाण्यात घालून त्यात मका उकळायचा, रात्रभर तसाच ठेवायचा आणि सकाळी चोळून धुवायचा. साल सुटते, दाणा फुगतो, पीठ चिकट होऊन हाताने थापता येतं. कोरड्या मक्याच्या पिठाला हा चिकटपणा येत नाही.

चुन्याचं काम एवढ्यावर संपत नाही. मक्यातलं नायसिन हे जीवनसत्त्व अशा रूपात बांधलेलं असतं की शरीराला ते घेता येत नाही. चुन्यामुळे ते मोकळं होतं, शिवाय कॅल्शियमही मिळतं. कोलंबसानंतर मका जगभर गेला, ही रीत मात्र इथेच राहिली. परिणाम असा की स्पेनच्या उत्तरेत, इटलीत आणि पुढे विसाव्या शतकाच्या सुरुवातीला अमेरिकेच्या दक्षिणेकडच्या राज्यांत, मक्यावरच जगणाऱ्या गरिबांना पेलाग्रा हा नायसिनच्या अभावाने होणारा रोग झाला. कातडी सोलवटणं, जुलाब, भ्रम आणि मृत्यू. मेक्सिकोत हजारो वर्षं मका हेच मुख्य अन्न असूनही हा रोग तसा पसरला नाही. गाईडने हे सांगितलं तेव्हा तिच्या आवाजातला अभिमान ऐकू येत होता, आणि तो रास्त होता. शहरापासून पूर्वेला मित्लाजवळ गिला नाकित्झ नावाची गुहा आहे. तिथे मक्याची सुमारे 6,250 वर्षांपूर्वीची कणसं सापडली आणि भोपळ्याच्या बिया तर दहा हजार वर्षांच्या आसपासच्या. म्हणजे हे ज्ञान ज्या मातीत रुजलं, तिथेच आपण उभे असतो.

म्हणून माझा पहिला सल्ला हाच: कुठेही बसण्याआधी तोर्तिया, म्हणजे इथली मक्याची पातळ भाकरी, कशाची आहे ते विचारा. ‘एस दे निश्तामाल?’ एवढं पुरतं. तयार पिठाची तोर्तिया असेल तर ती लवकर कडक होते आणि तिला वास नसतो. ‘माईस क्रिओयो’ म्हणजे देशी वाणाचा मका. पांढरा, पिवळा, निळसर काळा, लाल असे रंग दिसतील आणि प्रत्येकाची चव थोडी वेगळी आहे. एकदा चांगली तोर्तिया नुसती मीठ लावून खाऊन बघा, मग बाकी सगळं.

त्यानंतर आम्ही मेमेला खाल्ल्या. जाडसर, हातभर नाही पण तळहातापेक्षा मोठी तोर्तिया, कोमालवर म्हणजे मातीच्या तव्यावर भाजलेली, कडा चिमटून वर काढलेल्या, त्यावर काळ्या घेवड्याची पेस्ट आणि चुरलेलं ताजं चीज. शाकाहारी माणसाने इथेच सावध व्हायचं. पेस्टच्या खाली आसिएंतो लावतात. डुकराची चरबी कढवल्यावर तळाशी जो तपकिरी गाळ उरतो तो आसिएंतो. दिसायला तो मसाल्यासारखा दिसतो, त्यामुळे न विचारता कळत नाही. ‘सिन आसिएंतो’ म्हणजे तो नको. घेवडासुद्धा कधी चरबीत परततात, म्हणून ‘सिन मान्तेका’ हेही म्हणा. नुसतं ‘मांस खात नाही’ सांगून भागत नाही. ‘कार्ने’ म्हटलं की अनेकांच्या डोळ्यासमोर गाय-डुकराचंच मांस येतं आणि कोंबडीचा रस्सा त्यात मोजला जात नाही. ‘नी पोयो, नी काल्दो दे पोयो’ म्हणजे कोंबडी नको आणि कोंबडीचं पाणीही नको. आत्याने ही चार वाक्यं कागदावर देवनागरीत लिहून घेतली आणि प्रत्येक ठिकाणी स्वतः म्हणाली. तिचं ऐकून बायका हसून मान डोलवायच्या आणि वेगळा तवा घ्यायच्या. चीजमध्ये प्राण्यांचं रेनेट (दूध साकळवायला वासराच्या पोटातून काढतात ते विरजण) असू शकतं, हे कडक शाकाहारी लोकांनी आधीच ठरवून घ्यावं. आत्याने चीज चालेल असं ठरवलं होतं.

बेनितो हुआरेस बाजारात चापुलिनेसच्या टोपल्या असतात. हे लसूण, लिंबू आणि मीठ लावून भाजलेले नाकतोडे. पावसाळ्यात शेतातून धरतात. लहान आकाराचे घ्या, ते कुरकुरीत आणि आंबट लागतात. मोठ्यांचे पाय दातांत अडकतात. मला आवडले. आत्याने मात्र शेजारच्या तेहातेकडे मोर्चा वळवला आणि तिथेच खरा शोध लागला. तेहाते हे थंड पेय. मका, कोको, ममेय या फळाची बी आणि कोकोचं फूल म्हणतात ती रोसिता (प्रत्यक्षात ते वेगळ्याच झाडाचं फूल आहे), हे सगळं भाजून, दळून, मोठ्या मातीच्या परातीत हाताने पाण्यात कालवतात. वर पांढरा, लोण्यासारखा फेस येतो. रंगवलेल्या भोपळ्याच्या वाटीतून देतात. शहराबाहेरचं सान आंद्रेस वायापाम हे त्याचं गाव. यात दूध नाही, चरबी नाही. पाणी गाळलेलं, विकतचं आहे ना, एवढं विचारून घ्या.

मीना रस्त्यावर चॉकलेटच्या गिरण्या आहेत. कोकोच्या बिया, बदाम, दालचिनी आणि साखर तुमच्यासमोर तोलून, हव्या त्या प्रमाणात दळून देतात. ती दालचिनी श्रीलंकेची, पातळ सालीची असते. मेक्सिको तिचा फार मोठा गिऱ्हाईक आहे. चॉकलेट पाण्यात मागवा, दुधात नको. घुसळून फेस आणलेलं पाण्यातलं चॉकलेट प्यायल्यावर कोकोची चव नीट कळते. सोबत पान दे येमा नावाचा पाव देतात, त्यात अंड्याचा बलक असतो.

‘20 नोव्हेंबर’ नावाच्या बाजारातला धुराचा बोळ मांसाहारी लोकांनी चुकवू नये. दोन्ही बाजूंना कोळशाच्या शेगड्या. तासाहो (पातळ कापलेलं गोमांस), सेसिना (मिरची चोळलेलं डुकराचं मांस) किंवा चोरिसो (मसालेदार सॉसेज) तोलून घ्यायचं आणि ते समोर भाजून मिळतं. तोर्तिया, भाजलेले कांदे, मिरच्या, चटण्या वेगवेगळ्या बायकांकडून घ्यायच्या आणि प्रत्येकीचे पैसे वेगळे. सुट्टे पेसो खिशात ठेवा. कपड्यांना धुराचा वास दिवसभर राहतो.

आता मोले, म्हणजे मिरच्या-मसाल्यांच्या वाटणाचा घट्ट रस्सा. सात मोलेंचं नाव सगळीकडे घेतलं जातं: नेग्रो, रोहो, कोलोरादितो, आमारियो, वेर्दे, चिचिलो, मान्चामान्तेलेस. प्रत्यक्षात गावोगावी आणखी कितीतरी आहेत. आम्ही टूरच्या दुसऱ्या भागात एका घरी नेग्रो होताना पाहिला. चिल्वाक्ले नावाची जाड, काळी मिरची, जी वाहाकाच्या कान्यादा भागात पिकते आणि महाग असते, कोमालवर काळी होईपर्यंत भाजली. तिच्या बिया वेगळ्या काढून जाळल्या. एक तोर्तियाही जाळली. मग तीळ, बदाम, मनुका, तळलेलं केळं, टोमॅटो, लवंग, मिरी, आवोकादोची पानं आणि शेवटी चॉकलेट. मेतातेवर म्हणजे तीन पायांच्या पाट्यावर वाटण वाटणाऱ्या आजी गुडघ्यावर बसून पूर्ण अंगाचा भार देत होत्या. आत्या त्यांच्याजवळ जाऊन बसली आणि मला म्हणाली, “अगं, आपल्याकडे काळ्या मसाल्याचं खोबरं-कांदा असाच जाळतात. कच्चा राहिला तर रंग येतो, पण चव येत नाही.” मी हे गाईडला सांगितलं, तिने आजींना झापोतेकमध्ये सांगितलं आणि आजींनी आत्याच्या हातात वरवंटा दिला. पुढचा अर्धा तास आम्हा बाकीच्यांची गरजच उरली नाही.

या वाटणात मिरची, टोमॅटो, कोको इथले आणि मिरी, लवंग, तीळ आशिया-आफ्रिकेकडचे. 1565 ते 1815 अशी अडीच शतकं मनिलाहून आकापुल्कोला स्पॅनिश गलबतं येत होती, त्यातून आशियाचे मसाले इथे उतरले. उलट दिशेने इथलं जे आपल्याकडे आलं ते आपण आपलंच धरून चालतो: मिरची, पेरू, पपई, चिकू, दसऱ्याचा झेंडू, निशिगंध. ऑक्टोबरअखेर बाजार झेंडूने भरलेला असतो, कारण 1 आणि 2 नोव्हेंबरला मृतांचा सण. राजगिराही इथलाच. पूर्वी त्याच्या पिठाच्या देवमूर्ती करून प्रसाद म्हणून खात, म्हणून स्पॅनिश मिशनऱ्यांनी त्यावर रोख धरला. आज तो आलेग्रिया नावाच्या वडीत मिळतो: फुललेला राजगिरा, मध किंवा गूळ, शेंगदाणे, भोपळ्याच्या बिया. मध्येच एकादशी आली ती आत्याने आलेग्रिया, पपई आणि निवडुंगाच्या लाल बोंडांवर काढली.

रविवार मोकळा ठेवा. त्लाकोलुलाचा आठवडी बाजार शहरापासून तीसेक किलोमीटरवर आहे. सामायिक टॅक्सी आणि बस दोन्ही जातात. सकाळी दहाच्या आत पोचा. बकऱ्याचा बार्बाकोआ, जमिनीतल्या खड्ड्यात आवोकादोच्या पानांवर रात्रभर शिजवलेला, दुपारपर्यंत संपतो. त्याचा रस्सा आधी मागा. बाजारात लोकांचे फोटो विचारल्याशिवाय काढू नका. झापोतेक बायकांना ते आवडत नाही आणि त्या स्पष्ट सांगतात. इतर दिवशी जात असाल तर बुधवारी एत्ला (केसियो या दोऱ्यासारख्या चीजचं मूळ), गुरुवारी साचिला, शुक्रवारी ओकोत्लान.

रात्री त्लायुदा खा. ही ताटाएवढी, अर्धवट वाळवलेली तोर्तिया, कोळशावर दुमडून भाजलेली, आत घेवडा, केसियो, कोबी. आसिएंतोशिवाय मागितली तर शाकाहारी माणसाचं पोट एकीत भरतं. पिवळ्या मोलेच्या एम्पानादात (सारण भरून दुमडलेली तोर्तिया) ओहा सांता हे पान असतं, बडीशेपेचा गंध असलेलं आणि नागवेलीच्या कुळातलं. पण आत बहुधा कोंबडी असते, म्हणून भोपळ्याच्या फुलांची मागा. मोले नेग्रो शाकाहारी मिळणं कठीण, कारण तो कोंबडीच्या पाण्यात सैल करतात. काही हॉटेलं भाज्यांच्या पाण्यात करतात, जागा ठरवण्याआधी फोनवर विचारा. जैन जेवण इथे जवळजवळ अशक्य आहे.

व्हिसाबद्दल. भारतीय पासपोर्टवर मेक्सिकोचा व्हिसा लागतो, पण अमेरिका, कॅनडा, ब्रिटन, जपान किंवा शेंगेनचा चालू व्हिसा पासपोर्टवर असेल तर वेगळा लागत नाही. निघण्याआधी मेक्सिकोच्या वकिलातीच्या संकेतस्थळावर नियम पुन्हा तपासा. अमेरिकेत पाहुण्या आलेल्या आई-वडिलांना नेत असाल तर त्यांचा अमेरिकी व्हिसा अनेक प्रवेशांचा आहे ना, हे आधी बघा. नळाचं पाणी पिऊ नका, दात घासायलाही बाटलीचंच वापरा. दुपारचं जेवण दोन ते चारमध्ये होतं आणि तेच मोठं असतं. शहर सुमारे 1,550 मीटर उंचीवर आहे, रात्री शाल लागते. जुलैत गेलागेत्साचा उत्सव आणि नोव्हेंबरचा सण या दोन्ही वेळी खोल्या महिनोन् महिने आधी भरतात. टूरच्या दिवशी नाश्ता करू नका, गाईडला वेगळी बक्षिसी द्या.

मोले घरी न्यायचा असेल तर बाजारात तो घट्ट गोळ्याच्या रूपात किलोवर मिळतो. दुकानदार हवाबंद पिशवीत भरून देतो. तो चेक-इन सामानातच टाका, हातातल्या पिशवीत पातळ पदार्थ म्हणून अडवतात. चरबी आहे का विचारा. तेलातला असेल तर फ्रीजमध्ये चांगला टिकतो आणि भाज्यांच्या पाण्यात सैल केला की शाकाहारी घरातही चालतो. मक्याचं किंवा राजगिऱ्याचं बियाणं मात्र आणू नका, विमानतळावर अडकाल.