व्हिलन की संगीतकार?
आज दुपारी पावसामुळे कुठे जाणं शक्यच नव्हतं, मग यान न्येमेत्सचा १९६६ चा चेक सिनेमा 'द पार्टी अँड द गेस्ट्स' लावला, सव्वा तासाचा पण नाही, पण संपल्यावर डोक्यातून तो रुडॉल्फ काही जाईना. जंगलात पिकनिकला निघालेल्या लोकांना हा माणूस हसत हसत अडवतो, टेबल मांडतो, चौकशी सुरू करतो, आणि लोक पण गपगुमान उभे राहतात! लाडावलेल्या कार्ट्यासारखा वागतो नुसता, म्हणूनच जास्त भीती वाटते.

शोधलं तर कळलं की हा अ‍ॅक्टर नाहीच, यान क्लुसाक, संगीतकार. १९३४ चा, प्रागचा, रीतसर कॉम्पोझिशन शिकलेला, 'इन्व्हेन्शन्स' नावाची संगीतरचनांची गंभीर सिरीज लिहिणारा माणूस. न्येमेत्सने मुद्दामच बरेचसे अ‍ॅक्टर नसलेले लोक, मित्रमंडळी घेतलेली, पार्टी सोडून जाणारा पाहुणा म्हणजे तर दिग्दर्शक एवाल्ड शोर्म. आणि गंमत बघा, ह्या सिनेमाचं म्युझिक क्लुसाकचं नाही, कारेल मारेशचं! न्येमेत्सच्या पुढच्या 'मार्टर्स ऑफ लव्ह'ला मात्र क्लुसाकचं पण म्युझिक आहे, आणि 'व्हॅलेरी अँड हर वीक ऑफ वंडर्स' मधे (१९७०) लुबोश फिशरसोबत म्युझिक करून वर ग्रात्सियानचा रोल पण केलाय.

मला वाटतं टायमिंगचा कान असलेल्या माणसालाच असा रोल जमतो, कुठे थांबायचं, कुठे एकदम आवाज चढवायचा, सगळं तालात. तिथल्या कम्युनिस्ट सरकारला काय झोंबायचं ते झोंबलंच, सिनेमावर बंदी आली, १९६८ मधे थोडा श्वास मिळाला, सिनेमा दाखवला गेला आणि मग परत डब्यात.

आता रात्री व्हॅलेरी, जागं कोण आहे?