इरजणखडा

जुलैत पावसानं शाळांना सुट्टी पडली आणि बहिणीनं भाच्याला माझ्याकडं आणून सोडलं. सोबत त्याचा खेळ. वहीत एक राज्य काढलंय, फासे टाकायचे आणि गोष्ट पुढं न्यायची. शेजारची कन्नड शाळेत जाणारी पोरगी त्यात लोहारीण. मी बेळगावच्या उद्यमबागेत फाउंड्रीत, म्हणजे लोखंड ओतायच्या कारखान्यात कामाला, म्हणून मला खाणमालक केलं.

"मामा, जादूचा खडा पाहिजे. परीस ठेवूया की."

ठेवला. अर्ध्या तासात राज्य बसलं. विळे, पहारी, गाडीच्या धावा, दिसेल त्या लोखंडाचं सोनं. नांगरायला गेले तर पहिल्याच दगडाला फाळ मुडपला. सोनं ते, नखाहून थोडंच कडक. त्यात शत्रू आला. भाचा गप्प बसला, लोहारीण मात्र खूश, कारण तिनं आधीच सांगितलं होतं.

मग मी त्यांना आमच्या लेडलची, म्हणजे वितळलेल्या लोखंडाचा रस न्यायच्या मोठ्या बादलीची गोष्ट सांगितली. साधं बीड, म्हणजे ओतीव लोखंड, ठिसूळ असतं, कारण आतलं ग्रॅफाइट पापुद्र्यासारखं पसरलेलं असतं आणि तडा त्याच वाटेनं पळतो. मॅग्नेशियम दिलं की तेच ग्रॅफाइट मोहरीसारखं गोल होतं, आणि बीड तुटायच्या आधी वाकायला लागतं. मॅग्नेशियम उरावं लागतं किती? शेकडा 0.04 च्या आसपास. शंभर किलो रसात चाळीस ग्रॅम! आई दुधाला इरजण लावते, तेसुद्धा याहून जास्त असतं. खरं ते 1,090 अंशाला उकळतं आणि आमचा रस 1,400 च्या वर. नुसतं टाकलं तर वाफ होऊन जाईल. म्हणून त्याच्या मिश्रधातूचे खडे लेडलच्या तळातल्या खळग्यात ठेवायचे, वर पोलादाचे तुकडे पसरायचे, मग रस घ्यायचा. पांढराफेक उजेड होतो, शेडच्या पत्र्यावरची पालसुद्धा दिसावी असा. आणि तिथून घड्याळ सुरू. दहाएक मिनिटांत साचे भरले नाहीत तर गुण उडून जातो.

एकदा माझ्याच पाळीला क्रेन अडकली. लेडल लटकत राहिला. रस तसाच लाल, तसाच पातळ, डोळ्याला काडीचा फरक नाही. ओतला मी. दुसऱ्या दिवशी त्यातला एक नग हातोड्याखाली चहाच्या कपासारखा फुटला. पुढं काय झालं ते खाणमालकाला शोभणारं नाही, म्हणून पोरांना सांगितलं नाही.

तर परीस रद्द. आमच्या राज्यात आता इरजणखडा सापडतो. वाटाण्याएवढा, राखी रंगाचा, जिभेला तुरट. तो सड्यावरच्या जांभ्यातच असतो, म्हणजे सगळ्यांच्या पायाखाली. खरं बाहेर काढायची रीत एकाच घराण्याला ठाऊक. ही कल्पना मला यमनापूरच्या अॅल्युमिनाच्या कारखान्यावरून सुचली. अॅल्युमिनियमचं खनिज बॉक्साइट म्हणजे जांभ्याचा भाऊबंदच, आणि 1886 मध्ये विजेनं अॅल्युमिनियम काढायची रीत सापडण्याआधी हा धातू दागिन्यांत मिरवायचा. आज त्याच्या पातेल्यात आपण चहा उकळतो.

खड्याची चिमूट रसात पडली की तलवार वाकते, तुटत नाही. घंटेत पडली तर पूर यायच्या आधी घंटा आपणहून वाजते. आटलेल्या विहिरीत टाकली तर पाणी चढतं, पण झरा जिवंत असला तरच. भाच्याला त्यातनं अदृश्य व्हायचं होतं. मी नाही म्हटलं. इरजण दुधाला लागतं, पाण्याला लावून काय होणार? अदृश्य व्हायला आधी थोडं तरी लपता यायला पाहिजे, आणि हा पोरगा पलंगाखाली लपला तरी हसतो.

आणि चिमूट पडल्यावर वीस मोजायच्या आत काम उरकायचं.

काल संध्याकाळी राज्याच्या नदीला पूर येणार होता. लोहारणीनं घंटेचा रस घेतला, चिमूट टाकली आणि मोजायला लागली. ओंदु, एरडु, मूरु. ती कन्नडमध्येच मोजते. भाच्यानं फासा टाकला, तेवढ्यात दिवे गेले.

"थांब की गं! फासा कुठं पडला बघू दे."

"रस थांबतोय होय?" अंधारातनं आवाज आला. "हदिनेळु. हदिनेंटु."