मिठाचा खांब

शिरोडा, मे अखेर

माहेरी आलेय. काल रात्री सगळे झोपल्यावर 'लॉट इन सॉडम' दुसऱ्यांदा पाहिला. जेमतेम अर्ध्या तासाचा सिनेमा, 1933चा. संगीत आहे, संवाद नाहीत. अमेरिकेतल्या रॉचेस्टर गावात जेम्स सिब्ली वॉटसन आणि मेल्व्हिल वेबर या दोघांनी तो हौसेने केला. वॉटसन तर शिक्षणाने डॉक्टर!

गोष्ट बायबलच्या 'उत्पत्ती' या पहिल्या पुस्तकातली, 19व्या अध्यायातली. सदोम (सॉडम) नगरावर आग नि गंधक बरसणार, म्हणून देवदूत तिथल्या लोटाला बायको-मुलींसकट गावाबाहेर काढतात. मागे वळून बघायचं नाही, एवढीच अट. लोटाची बायको बघते आणि मिठाचा खांब होते. तिचं नावसुद्धा तिथे दिलेलं नाही, हे मला फार लागतं.

सिनेमा ही गोष्ट सांगत बसत नाही. देहावर देह, धूर, ज्वाळा, चित्रं एकमेकांत विरघळत जातात. मधेच फूल उमलतं, लॅटिन अक्षरं पडद्यावर येतात. पहिल्या वेळी मी प्रत्येक चित्राचा अर्थ लावत बसले आणि दमले. काल तो नाद सोडला, नुसती बघत राहिले. लोटाच्या बायकोचं काम वॉटसन यांच्या पत्नीने, हिल्डगार्ड यांनी केलंय. सिनेमा संपला तरी तीच डोळ्यांपुढे होती.

पहाटे उठून मिठागरावर गेले. वाफ्यातलं पाणी आटून कडेला पापडी धरली होती. बोटाने उचलली. बारीक चौकोनी खडे, काचेसारखे, मधे मातीची राखाडी रेघ. पाऊस तोंडावर आलाय, त्यामुळे राशी झाकायची घाई चाललेली. ह्याच मिठासाठी 1930च्या मे महिन्यात इथे लोकांनी कायदा मोडला होता. आमच्याकडे मिठाला शिक्षा कोण म्हणेल? खारातली कैरी, खारवलेला बांगडा... पावसाळ्यात पुरवायचं ते सगळं आम्ही मिठाच्या हवाली करतो.

त्या बाईने आपलं जळतं गाव बघितलं. ते बघणं मिठात राहिलं, इतकंच मला काल दिसलं.

लग्न होऊन गाडीत बसताना आजी म्हणाली होती, "फाटी वळान बघू नको गो." मी बघितलं. ती खळ्यात उभी होती, कैऱ्यांना मीठ चोळलेला हात पदराला पुसत.