एनएफएलमधली नोकरी: कोट्यवधींच्या बातम्या आणि आठवड्याचा हिशेब

एनएफएल ही अमेरिकन फुटबॉलची व्यावसायिक लीग. तिच्याबद्दल भारतात पोचतं ते बहुतेक सुपर बोलचं, म्हणजे अंतिम सामन्याचं, आणि अवाढव्य करारांचं. अमक्या क्वार्टरबॅकने (चेंडू फेकून आक्रमण चालवणारा मुख्य खेळाडू) पाच वर्षांसाठी २६ कोटी डॉलरवर सही केली, वगैरे. हे खोटं नाही, पण अशी माणसं मोजकी. संघाच्या यादीतल्या चाळिसाव्या ते त्रेपन्नाव्या खेळाडूची नोकरी कशी चालते हे कळलं, तर हा धंदा खरा कळतो. ती नोकरी आठवड्याच्या बोलीवर चालते.

सुरुवात ऑगस्टच्या शेवटच्या मंगळवारपासून करू. उन्हाळी शिबिरात प्रत्येक संघाला ९० खेळाडू ठेवता येतात. त्या मंगळवारी दुपारपर्यंत ५३ उरले पाहिजेत. संघ ३२, म्हणजे जवळपास बाराशे जणांना एकदमच गाशा गुंडाळावा लागतो. सकाळी संघाचा एखादा कर्मचारी येऊन सांगतो, "कोचनी बोलावलंय, टॅबलेट घेऊन या." सगळ्या चाली त्या टॅबलेटमध्ये असतात, म्हणून तो आधी काढून घेतात. मग वैद्यकीय तपासणी होते. ही तपासणी फार महत्त्वाची, कारण जखमी खेळाडूला संघ नुसता हाकलू शकत नाही. त्याला जखमींच्या यादीत ठेवावं लागतं किंवा बरं व्हायला लागणाऱ्या आठवड्यांचे पैसे देऊन मोकळं करावं लागतं. अशा वेळी मुलं 'सगळं ठीक आहे' म्हणून सही करून टाकतात, दुसऱ्या संघाने घ्यावं म्हणून. पुढे खांद्याचं दुखणं निघालं की दावा लंगडा पडतो.

ज्यांची लीगमध्ये चार वर्षं झालेली नाहीत, त्यांची नावं दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत बाकीच्या संघांपुढे असतात. गेल्या हंगामात सर्वांत वाईट खेळलेल्या संघाला पहिला हक्क. जो घेईल, त्याने जुना करार जसाच्या तसा उचलायचा. कुणीच घेतलं नाही, तर खेळाडू मोकळा होतो आणि नशीब असेल तर सराव पथकात, म्हणजे ५३ च्या यादीबाहेरच्या राखीव खेळाडूंत, जागा मिळते. तिथे १६ जण असतात, शिवाय परदेशी खेळाडूसाठी एक जास्तीची जागा.

२०२५ च्या दरांनी नवख्याचा किमान पगार ८,४०,००० डॉलर. तो हंगामाच्या १८ आठवड्यांत विभागला जातो, म्हणजे आठवड्याला सुमारे ४६,७०० डॉलर. सराव पथकातल्या नवख्याला आठवड्याला १३,०००. सराव तोच, मार तोच, मीटिंगा त्याच, आणि पगारात साडेतीन पटींचा फरक. त्याला सामन्यापुरतं वर घेता येतं, पण हंगामात तीनदाच. त्या आठवड्यापुरता पगार वरचा. दुसऱ्या संघाला तो हवा असेल, तर थेट ५३ च्या यादीतच घ्यावा लागतो आणि किमान तीन आठवड्यांचे पैसे द्यावे लागतात. हा नियम मला या सगळ्या व्यवस्थेतला सर्वांत न्याय्य वाटतो.

हंगाम सुरू झाला म्हणजे सुटलो असंही नाही. रविवारी सामना, सोमवारी चित्रफिती आणि डॉक्टर, मंगळवारी सुट्टी. त्या सुट्टीच्याच दिवशी संघ बाहेरचे खेळाडू चाचणीला बोलावतात. रविवारी ज्याच्या हातून चूक झाली, त्याच्याच जागेसाठी मंगळवारी चारपाच जण त्याच मैदानावर धावत असतात.

या काठावर टिकायचं ते किकच्या खेळींवर, म्हणजे चेंडू लाथाडला जातो त्या खेळींवर. सामन्याच्या दिवशी ५३ पैकी जास्तीत जास्त ४८ जणच गणवेश चढवतात, तेही त्यात आक्रमक फळीचे (क्वार्टरबॅकला राखणारे धिप्पाड) आठ असले तर. त्यामुळे पाचव्या क्रमांकाच्या रिसीव्हरला नुसते झेल येऊन भागत नाही. पंटच्या वेळी (चेंडू लाथाडून दूर प्रतिस्पर्ध्याकडे धाडतात तेव्हा) कडेने सुसाट धावत जाऊन चेंडू पकडणाऱ्याला तिथेच पाडता आलं पाहिजे. लाँग स्नॅपरचं उदाहरण बघा. त्याचं काम एवढंच की वाकून, दोन पायांमधून, चेंडू पंधरा यार्ड मागच्या पंटरच्या (लाथ मारणाऱ्याच्या) हातात द्यायचा, पाऊण सेकंदाच्या आसपास. फील्ड गोलच्या वेळी (चेंडू लाथाडून खांबांमधून घालवताना) अंतर निम्मं, पण चेंडू धरणाऱ्याच्या हातात पडताना शिवण नेमकी हवी तशी आली पाहिजे, म्हणजे त्याला तो फिरवत बसावं लागत नाही. हे चोख जमलं, तर दहा वर्षं नाव न होता नोकरी टिकते. एक चेंडू डोक्यावरून गेला, तर मंगळवार आहेच.

आता करारांच्या आकड्यांकडे. भारतात करार म्हटला की रक्कम पदरात पडली असंच वाटतं. इथे पहिला प्रश्न विचारायचा: हमी किती? सहीच्या वेळचा बोनस खरा, बाकीच्या वर्षांचा पगार बहुधा संघाने ठेवलं तरच. म्हणूनच २०१८ मध्ये क्वार्टरबॅक कर्क कझिन्सने मिनेसोटाच्या संघाकडून तीन वर्षांचे ८ कोटी ४० लाख डॉलर संपूर्ण हमीसह मिळवले, तेव्हा तीच मोठी बातमी ठरली. उलट बाजूला सॅन फ्रान्सिस्कोचा क्वार्टरबॅक ब्रॉक पर्डी. २०२२ च्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे नव्या खेळाडूंच्या वार्षिक निवडीत, तो अगदी शेवटचा, २६२ वा. २०२३ च्या हंगामात त्याने संघाला सुपर बोलपर्यंत नेलं, तेव्हा त्याचा मूळ पगार होता ८,७०,००० डॉलर. ड्राफ्टमधून आलेल्याचा करार तीन हंगाम होईपर्यंत बदलताच येत नाही. त्याचा मोठा करार २०२५ मध्ये झाला. मधल्या काळात गुडघा कायमचा गेला असता, तर तो करार झालाच नसता.

हातात येणाऱ्यातून एजंटचे जास्तीत जास्त तीन टक्के, केंद्राचा वरच्या टप्प्यात ३७ टक्के कर, आणि ज्या राज्यांत कामाचे दिवस गेले त्यांचा वेगवेगळा कर. कॅलिफोर्नियात एक सामना खेळला, तरी तिथल्या दिवसांचा कर तिथे.

दुखापत कुठे झाली, यावरही पैसे ठरतात. संघाच्या मैदानावर झाली तर पगार चालू राहतो (खालच्या खेळाडूंच्या करारात जखमींच्या यादीत गेल्यावर तो कमी होण्याचं कलम बहुतेकदा असतंच). बाहेर झाली तर संघ बांधील नाही. मे २०२१ मध्ये डेन्व्हरच्या ज्वान जेम्सची टाचेमागची शीर (अकिलिस) बाहेर व्यायाम करताना फाटली. संघाने त्याला काढलं आणि त्या वर्षीच्या सुमारे १ कोटी डॉलर पगाराची हमी गेली. व्यायाम त्याच कामासाठी होता, तरीही.

डोक्याच्या माराबाबत नियम कडक झालेत. परतायला पाच टप्पे, शेवटी संघाबाहेरच्या मेंदूतज्ज्ञाची परवानगी. २०२२ मध्ये मायामीचा क्वार्टरबॅक टुआ टॅगोवायलोआ तोल जाऊनही सामन्यात परतला; त्या प्रकरणानंतर कुणाचा असा तोल जाताना दिसला की त्या सामन्यात परत उतरणं बंद. पण काठावरचा खेळाडू लक्षणं सांगायला कचरतो, कारण गैरहजर आठवड्यात त्याची जागा दुसरा घेतो. हे नियमांनी सुटत नाही, हमीच्या पगाराने सुटेल असं माझं ठाम मत आहे.

शेवटचा हिशेब पेन्शनचा. यादीत तीन सामने काढले की पेन्शनसाठी एक हंगाम धरला जातो, आणि असे तीन हंगाम लागतात.  संघ निवडायच्या स्वातंत्र्यासाठी हिशेब वेगळा: हंगामात सहा सामने, असे चार हंगाम. खेळाडूंची संघटना सरासरी कारकीर्द ३.३ वर्षांची सांगते, म्हणजे बरेच जण या उंबरठ्यावरच अडतात. तीन हंगाम भरले, तर निवृत्तीनंतर पाच वर्षं आरोग्य विमाही मिळतो. तिसऱ्या हंगामात दोनच सामने झाले आणि पुढे कुणी बोलावलं नाही, तर पेन्शनही नाही आणि तो पाच वर्षांचा विमाही नाही.