आकृतिबंधांची वही, आठवडा सहावा : ३२ ऐवजी ३१

या आठवड्यात अकरा शाब्दिक उदाहरणं हातावेगळी झाली. बाराव्याने चार संध्याकाळी खाल्ल्या.

पद्धत नेहमीचीच. मोठ्या आकड्याला हात लावायचा नाही. आधी १, २, ३, ४ घेऊन तक्ता मांडायचा आणि त्याखाली फरकांची ओळ. काड्यांचे चौकोन एका रांगेत चिकटवत गेलं की ४, ७, १०, १३. फरक ३, म्हणून पूर्वी मी ५० चौकोनांना १५० काड्या लिहून मोकळी व्हायचे. आता तो राहून गेलेला १ डोळ्यांना दिसतो : अगदी डावीकडची उभी काडी. पुढे प्रत्येक चौकोन तीनच काड्या मागतो. उत्तर १५१.

दहा जणांनी प्रत्येकाशी एकेकदा हात मिळवला तर होणारी हस्तांदोलनं (४५) तुम्हा सगळ्यांची करून झालीच असतील. बेडूकही : दिवसा ३ मीटर वर, रात्री २ मीटर खाली, विहीर १० मीटर. दहा नव्हे, आठवा दिवस. काठावर पोचलेला बेडूक कशाला घसरेल?

आता बारावं. वर्तुळावर ६ बिंदू, प्रत्येक बिंदू बाकी सगळ्यांशी सरळ रेषेने जोडला, तर आतले भाग जास्तीत जास्त किती? एका बिंदूपासून सुरुवात केली : १, २, ४, ८, १६. पुढचा आकडा काय काढून बघायचा! ३२ लिहिलं. पुस्तकाच्या मागे उत्तर होतं ३१. छपाईची चूक समजून मी त्यावर पेन्सिलीने काट मारली.

रात्री चैन पडेना म्हणून कंपासने नीट सारख्या अंतरावर बिंदू घेतले आणि मोजले. ३०! पुन्हा मोजले, ३०च. एका उदाहरणाची तीन उत्तरं. मग मध्यावर लक्ष गेलं. तिन्ही लांब कर्ण एकाच ठिपक्यातून जात होते. एक बिंदू जरासा सरकवला, तर तिथे तांदळाच्या दाण्याएवढा त्रिकोण उघडला. ३१.

कारण शोधायला आणखी दोन संध्याकाळी. नवी रेषा ओढली की एक भाग वाढतो, शिवाय आधीच्या जितक्या रेषा ती छेदते तितके आणखी. म्हणजे भाग = १ + रेषा + छेदनबिंदू. सहा बिंदूंच्या रेषा १५. कोणतेही चार बिंदू निवडले की आत एकच छेद मिळतो, आणि सहांतून चार १५ प्रकारे निवडता येतात. १ + १५ + १५. पाचाला १ + १० + ५ = १६, सातला ५७. दुपटीचा इथे काही संबंधच नव्हता, पहिले पाच आकडे नुसते जुळून आले होते. (काट खोडून टाकली.)

तेव्हापासून तक्त्याशेजारी ‘का?’ असा एक रकाना आखलाय. एका वेळी १ किंवा २ पायऱ्या चढायच्या, तर जिना किती प्रकारे चढता येईल, हे उदाहरण त्यात लगेच बसलं : शेवटची उडी १ची किंवा २ची, म्हणून मागच्या दोन उत्तरांची बेरीज. १, २, ३, ५, ८, आणि दहा पायऱ्यांना ८९. लघू (१ मात्रा) आणि गुरू (२ मात्रा) अक्षरांनी ओळीच्या मात्रा किती प्रकारे भरता येतील हा जैन पंडित हेमचंद्रांचा १२व्या शतकातला हिशेब हुबेहूब हाच आहे.

सध्या १०० बंद दारांपाशी अडले आहे. पहिल्या फेरीत सगळी दारं, दुसरीत दर दुसरं, तिसरीत दर तिसरं, अशा १०० फेऱ्या; उघडं असेल ते लावायचं, लावलेलं उघडायचं. शेवटी १, ४, ९, १६, २५ उघडी राहतात, इथवर तक्ता आलाय. ‘का?’ अजून कोरा आहे. कुणी सांगू नका.