मी नाही, नायिका

आमच्या महिला मंडळाच्या इतिवृत्ताच्या वह्या अजून माझ्याकडेच आहेत. चिटणीसपद सोडून मला बरीच वर्षं झाली, पण वह्या न्यायला कुणी आलं नाही आणि मीही कुणाला आठवण केली नाही. लाल कापडी कण्याच्या, लांबट, दोनशे पानी वह्या. परवा माळा आवरताना खाली काढल्या आणि अख्खी दुपार त्यातच गेली. सगळीकडे माझंच अक्षर. 'हळदीकुंकू व वार्षिक मेळावा. उपस्थिती 64. कादंबरीवरील चर्चा उद्बोधक झाली. अल्पोपहार : मटार करंजी, तिळाची वडी. आभार मानून कार्यक्रम संपला.' दरवर्षी चर्चा उद्बोधकच झालेली आहे. उपस्थितीचा आकडा तेवढा बदलतो आणि करंजीच्या जागी कधी ढोकळा येतो.

आमचं मंडळ डोंबिवली पूर्वेचं. मेळावा संक्रांत ते रथसप्तमी यांच्यामधल्या एका रविवारी, कारण निम्म्या बायका नोकरीच्या आणि बाकी दिवस सकाळी लोकल गाठण्यात जायचे. एका शाळेचा हॉल मिळायचा. सतरंज्या अंथरायच्या, गुडघे दुखणाऱ्यांसाठी भिंतीकडेने खुर्च्या, दाराशी हळदीकुंकू, अत्तर, गुलाबपाणी. मग उखाणे, एखादी पाककृती स्पर्धा आणि शेवटी वाण. वाण म्हणजे प्लॅस्टिकचा टब, नाहीतर स्टीलची वाटी. माझ्याकडे अशा नऊ वाट्या होत्या आणि नऊही वेगवेगळ्या मापाच्या.

1995 साली आमच्या अध्यक्ष बदलल्या. नव्या अध्यक्ष निवृत्त मराठी शिक्षिका, त्यामुळे वयाने मोठ्यासुद्धा त्यांना बाईच म्हणायच्या. त्या पहिल्याच बैठकीत म्हणाल्या, "वाट्या पुरे झाल्या. पुस्तक लुटू या." मंडळाची वर्गणी वर्षाला तीस रुपये. साठ पुस्तकं कुठून आणणार? तेव्हा ठरलं असं, की एकाच कादंबरीच्या तीन प्रती घ्यायच्या, दिवाळीपासून घरोघर फिरवायच्या, मेळाव्यात तिच्यावर बोलायचं आणि शेवटी चिठ्ठ्या टाकून तिघींना त्या प्रती वाण म्हणून द्यायच्या.

बाईंनी एक नियमही घातला. चर्चेत 'मी' म्हणायचं नाही. 'आमच्या सासूबाई', 'आमचे हे', 'आमच्याकडे असं नसतं' हेही नाही. जे बोलायचं ते नायिकेबद्दल. याला कारण होतं. आदल्या वर्षी एका व्याख्यानानंतर विषय फिरत फिरत एकीच्या दिराच्या वाटणीवर गेला होता आणि दोन जावा सहा महिने एकमेकींशी बोलत नव्हत्या. बाईंना साहित्यचर्चा हवी होती, भांडण नको होतं. निदान तेव्हा तरी आम्हाला तसंच वाटलं.

पहिली कादंबरी होती विभावरी शिरूरकरांची 'हिंदोळ्यावर', 1934 सालची. "एवढी जुनी?" म्हणून कुरकुर झाली. बाईंनी आधी टोपणनावाची गोष्ट सांगितली. 1933 मध्ये 'कळ्यांचे निःश्वास' हा कथासंग्रह आला, त्यात शिकलेल्या, कमावत्या, लग्नाविना राहिलेल्या मुलींची मनं अशी उघडी मांडलेली, की महाराष्ट्रात गदारोळ उठला. या विभावरी शिरूरकर कोण, बाई की पुरुष, यावर पैजा लागल्या. त्या होत्या बाळूताई खरे, म्हणजे पुढच्या मालतीबाई बेडेकर. वय अठ्ठावीस. 'हिंदोळ्यावर'मधली अचला नवऱ्यापासून दुरावलेली आहे आणि आवडत्या माणसाबरोबर लग्नाशिवाय राहण्याचा निर्णय घेते. साठ वर्षांपूर्वीचं पुस्तक, पण आमच्या हॉलमध्ये ते हातात धरायलाही काहीजणी बिचकत होत्या.

नियम कामाला लागला तो त्याच दिवशी. एक वहिनी उठल्या, एरवी उखाण्यालासुद्धा लाजणाऱ्या. म्हणाल्या, "अचलाला सारखं वाटत असणार की आपण घरात आहोत, पण घर आपलं नाही. कपाटात तिच्या साड्यांना एकच खण असणार." शेजारची म्हणाली, "अहो, कपाटाचं पुस्तकात कुठे आहे?" वहिनी म्हणाल्या, "नसेल. पण असणार." आणि बसल्या. बाईंनी मान हलवली आणि पुढचीला बोलावलं. मी वहीत लिहिलं : नायिकेच्या मनःस्थितीवर सभासदांनी विचार मांडले.

त्यानंतर दरवर्षी हेच. नियम मोडला नाही आणि सगळं बोलून झालं. कुणाच्या नायिकेला गाणं सोडावं लागलं, कुणाच्या नायिकेला तिसरी मुलगी झाली, कुणाची नायिका महिन्याचा पगार पाकीट न फोडता घरी देते. कादंबरीत यातलं काही असो की नसो. विभावरीबाईंनी टोपणनाव घेतलं होतं, आम्ही नायिकेचं नाव घेत होतो.

सगळ्यात रंगलेलं वर्ष 1998. कादंबरी 'रीटा वेलिणकर', शांता गोखल्यांची, 1990 साली आलेली. थोरली मुलगी रीटा, लहान वयात कमावू लागलेली, आईवडिलांचा आणि धाकट्या बहिणींचा भार वाहणारी, आणि ऑफिसातल्या विवाहित साळवीमध्ये अडकलेली. शेवटी तिचं मन कोलमडतं आणि ती इस्पितळात येते. आमच्यातल्या नोकरीवाल्यांनी हे पुस्तक रात्री जागून वाचलं. एक प्रत तर बहुतेक लोकलमध्येच वाचली गेली. एकीने ती गाडीत तिच्या ग्रुपला दिली, मटार सोलत सोलत एक वाचायची आणि बाकीच्या ऐकायच्या. ग्रुपमधल्या दोघी ठाण्याला उतरायच्या, त्यांच्यासाठी दुसऱ्या दिवशी मागचं पुन्हा वाचावं लागे. प्रत परत आली तेव्हा तिच्यात मटाराची एक वाळकी साल होती.

बाकीच्या दोन प्रतींत खुणा सापडल्या. अगरबत्तीच्या पुड्याचा कागद, लोकलच्या पासाची मुदत संपलेली पट्टी, विजेच्या बिलाचा तुकडा, एका बाळाच्या डोसाच्या कार्डाची कडा. कुठली खूण कुणाची हे आम्हाला बरोबर कळत होतं. अगरबत्तीवाल्या काकू साळवी आल्यावर थांबल्या होत्या, पुढे गेल्याच नाहीत. "लग्न झालेल्या माणसाच्या नादी लागलेली नायिका मला नको," असं त्यांनी मेळाव्यात सांगितलं. चर्चा मग तिथेच अडकली. रीटा चुकली की साळवी चुकला, त्याच्या बायकोचं काय, आईबापांना लाज कशी नाही. पाऊण तास. माईक मध्येच शिट्टी मारायचा, मग तो बंदच केला आणि आवाज अजून वाढले.

बाई गप्प होत्या. मग म्हणाल्या, "सरस्वतीबद्दल कुणी बोललं नाही."

सरस्वती म्हणजे रीटाची मैत्रीण. रीटा इस्पितळात पडते तेव्हा सोबतीला असते ती सरस्वती. खरंच तिच्याबद्दल कुणी चकार शब्द काढला नव्हता. बाई म्हणाल्या, "तुम्ही सगळ्या तासभर साळवीला बडवताय. तो यायचा तेव्हा येतो आणि जायचा तेव्हा जातो. जी बाई पिशवीत थर्मास घालून रोज येते, तिला कादंबरीत काय म्हणायचं? नायिका? मग तिच्याबद्दल बोला." थर्मास कादंबरीत आहे की बाईंनी आणला, मला आता सांगता येणार नाही. त्यावर हॉलमध्ये जे सुरू झालं ते मला टिपून घेता आलं नाही. कुणाच्या बाळंतपणात कोण आलं, कुणी कुणाच्या मुलीची फी भरली आणि नवऱ्याला कळू दिलं नाही, दंगलीच्या दिवसांत गाड्या बंद पडल्या तेव्हा कुणी कुणाला घरी ठेवून घेतलं. सगळं अर्थातच सरस्वतीच्या नावावर. सरस्वतीने त्या दिवशी अख्ख्या डोंबिवलीची बाळंतपणं केली. उपस्थिती 71. तिळगूळ कमी पडला.

गौरी देशपांड्यांच्या वर्षी मात्र फजिती झाली. बाईंनी 'एकेक पान गळावया' निवडलं. त्या एका पुस्तकात तीन लेखनं. तेव्हा अर्ध्याजणी एक वाचून आल्या, अर्ध्या दुसरं. या दीर्घकथा की लघुकादंबऱ्या यावर निवृत्त बँकवाल्या बाईंनी वीस मिनिटं घेतली. एकंदर सूर असा, की ही नायिका परदेशात राहते, मनासारखं वागते, तिला सकाळी पाणी भरायचं नसतं. एका तरुण सुनेला मात्र पुस्तक इतकं आवडलं, की तिने प्रत परत दिलीच नाही. त्या वर्षी दोनच चिठ्ठ्या टाकल्या.

2006 ला कविता महाजनांचं 'ब्र' घेतलं, आदल्याच वर्षी आलेलं. त्यातली प्रफुल्ला आदिवासी भागातल्या सरपंच बायकांना भेटत फिरते, त्यांचं ऐकते आणि ऐकता ऐकता स्वतःच्या संसाराकडे नव्याने बघू लागते. मेळाव्याला आमच्या एका सभासदाची जाऊ मुरबाडकडून आली होती, त्यांच्या ग्रामपंचायतीत राखीव जागेवरून निवडून आलेली. काठापदराची साडी, डोक्यावरून पदर, भिंतीकडेच्या खुर्चीवर कडेला बसलेली. चर्चा बरीच वर गेली होती. स्त्री, सत्ता, व्यवस्था वगैरे. बाईंनी तिला विचारलं, तुम्ही काही बोलता का?

ती उभी राहिली आणि म्हणाली, "मी पुस्तक वाचलेलं नाही. मग मी 'मी' म्हटलं तर चालेल ना?"

हसू फुटलं. बाई म्हणाल्या, "चालेल."

मग ती बोलली. पहिलं वर्षभर ग्रामसेवक बोट ठेवील तिथे सही केली. घरच्यांनी सांगितलं, मीटिंगला आम्ही जाऊन येतो. एकदा हे तापाने आजारी होते म्हणून ती स्वतः गेली आणि पाहिलं, तर पाण्याच्या टाकीच्या ठरावावर तिची सही आधीच होती. तिने विचारलं, ही कुणी केली? "एवढंच बोलले. पण परत कुणी केली नाही." खाली बसताना तिने माझ्याकडे पाहून विचारलं, "तुम्ही लिहिताय ते काय?" मी म्हटलं, इतिवृत्त. "मग वाचून दाखवा," म्हणाली. मी वाचलं, 'पाहुण्यांनी आपले अनुभव कथन केले.' तिने मान हलवली. पटलं म्हणून की नाही, कळलं नाही.

पुढच्या वर्षी मेघना पेठ्यांचं 'नातिचरामि'. तीनपैकी एक प्रत दोन दिवसांत वर्तमानपत्रात गुंडाळून परत आली. "घरात मुलं मोठी आहेत." आमच्या एक सभासद पौरोहित्य शिकलेल्या, लग्नं लावायच्या. त्यांनी नावाचा अर्थ उलगडून सांगितला : धर्मे च, अर्थे च, कामे च, या तिन्हींत हिला ओलांडून जाऊ नकोस असं मुलीचा बाप सांगतो आणि नवरा मुलगा म्हणतो, 'नातिचरामि', नाही ओलांडणार. "शब्द तो देतो, पण देतो तिच्या बापाला," त्या म्हणाल्या. "तिला कुणी विचारतच नाही." हे वाक्य मी वहीत जसंच्या तसं लिहिलं. त्या वह्यांमध्ये अवतरणचिन्हांत घातलेलं ते एकच वाक्य.

पुढे माणसं कमी होत गेली. मुली नोकरीला बंगलोर-पुण्याला, सुना रविवारीसुद्धा लॅपटॉपवर. 2009 मध्ये रेणुका शहाणे यांनी आईच्या कादंबरीवर 'रीटा' हा सिनेमा काढला, पल्लवी जोशी रीटा झाली. त्या निमित्ताने 2010 च्या मेळाव्याला आम्ही पुन्हा तीच कादंबरी घेतली. जुन्या प्रती कुणाकुणाकडून मागून आणल्या. बाई तेव्हा ऐंशीच्या पुढे, कानाला यंत्र, सून हाताला धरून घेऊन आली होती.

चर्चा यथातथाच झाली. निम्म्याजणी सिनेमा पाहून आलेल्या, पुस्तक न उघडताच. समारोपाला माईक बाईंच्या हातात दिला. त्यांनी तो मांडीवर ठेवला आणि तशाच बोलू लागल्या, त्यामुळे मागच्या रांगांना काही ऐकू गेलं नाही. मी शेजारी वही घेऊन बसले होते.

"माझी एक सरस्वती होती," त्या म्हणाल्या. "ट्रेनिंग कॉलेजात माझ्या खोलीत. मला टायफॉइड झाला तेव्हा तिने माझी वेणीसुद्धा घातली. पुढे ती आजारी पडली, सांगलीला. तिचं पत्र आलं होतं, ये म्हणून. माझ्याकडे दहावीचे पेपर तपासायला होते. दोनशे. म्हटलं, संपले की जाते."

थोडा वेळ त्या गप्प राहिल्या. माझं पेन वहीवर टेकलेलं होतं. मग त्यांनी विचारलं, "वड्या आल्या का?" सून म्हणाली, "आल्या." "मग वाटा," म्हणाल्या.

पान समोरच आहे. 'बाईंनी समारोप केला. उपस्थिती 38. अल्पोपहार : साबुदाणा वडा, तिळाची वडी.'